कलामहर्षी बाबुराव पेंटर : स्वतःचा कॅमेरा स्वतः घडवणारा माणूस



३ जून ही तारीख आमच्या हरिहरेश्वरच्या किनाऱ्यावर कुणीच विसरत नाही. २०२० साली याच दिवशी निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर धडकलं. नारळी-पोफळीच्या वाड्या आडव्या झाल्या, कौलं आणि पत्रे उडाले, कितीतरी दिवस वीज नव्हती. पण याच ३ जूनला, १८९० साली, कोल्हापुरात एका कारागिराच्या घरी एक मूल जन्माला आलं होतं. त्याचं नाव बाबुराव कृष्णराव मेस्त्री. पुढे सारा महाराष्ट्र त्यांना बाबुराव पेंटर म्हणून ओळखू लागला.

त्यांची माहिती मी आज का लिहितेय, ते आधी सांगते. त्यात माझी एक चूक आहे, आणि ती कबूल केल्याशिवाय पुढे जाणं बरोबर नाही.

काही वर्षांपूर्वी माझ्या चौथीच्या वर्गात एक मुलगा होता. वाचन कच्चं, गुणाकाराला कंटाळा. वडील होड्यांच्या इंजिनची दुरुस्ती करणारे. एकदा मधल्या सुट्टीनंतर वर्गात आले तर कपाटातला जुना, बंद पडलेला प्रोजेक्टर या पठ्ठ्याने उघडून ठेवलेला. स्क्रू एका बाजूला, भिंग एका बाजूला. मी सगळ्यांसमोर त्याला चांगलंच फैलावर घेतलं. आधीच बिघडलेली वस्तू तो काय आणखी बिघडवणार होता, हा विचार तेव्हा माझ्या मनात आलाच नाही. त्या दिवसापासून तो गप्प झाला. पूर्वी निदान पंखा कसा फिरतो, बॅटरी कशी संपते असं काहीतरी विचारायचा. तेही बंद झालं.

नंतर भित्तिपत्रकासाठी थोरांची माहिती जमवताना बाबुराव पेंटर माझ्यासमोर आले, आणि मला चपराकच बसली. कारण या माणसाच्या कॅमेऱ्याची गोष्टच मुळी एका प्रोजेक्टरपासून सुरू होते!

बालपण आणि रंगांची शाळा

बाबुरावांचे वडील कृष्णराव हे हाताने काम करणारे कसबी गृहस्थ. सुतारकाम येत होतंच, शिवाय चित्र आणि शिल्पातही हात चालायचा. घरात रंधा, पटाशी, माती आणि रंग. बाबुराव कोणत्याही कलाशाळेत गेले नाहीत. जे शिकले ते घरात बघून आणि करून. नात्यातले भाऊ आनंदराव हे त्यांचे सोबती आणि एका अर्थाने गुरूही. दोघांनाही लोक पेंटर म्हणू लागले आणि मेस्त्री हे आडनाव मागे पडलं.

तो काळ संगीत नाटकांचा. नाटकात राजवाडा, अरण्य, नदीचा घाट हे सगळं कापडी पडद्यांवर रंगवलेलं असायचं. १९१० च्या पुढची काही वर्षं या दोघा भावांनी रंगवलेल्या पडद्यांना मोठी मागणी होती. मराठी नाटक मंडळ्यांबरोबर गुजराती-पारशी रंगभूमीसाठीही त्यांनी काम केलं. सपाट कापडावर खोली दाखवायची, उजेड कुठून येतो ते ओळखायचं, प्रेक्षकाची नजर कुठे जाईल ते आधी ठरवायचं, हे सारं त्यांना इथेच साधलं. पुढे कॅमेऱ्याच्या मागे उभं राहिल्यावर तेच कामाला आलं.

पालकांनो, हे जरा लक्षात ठेवा. मूल आज जे करत बसलंय त्याचा उपयोग काय, असं आपण पटकन विचारतो. उपयोग कधी कधी दहा वर्षांनी कळतो.

एक सिनेमा पाहिला आणि...

आपल्या देशात हलती चित्रं पहिल्यांदा दाखवली गेली ती ७ जुलै १८९६ रोजी, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात. ती फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची होती. त्यानंतर सतरा वर्षांनी, ३ मे १९१३ रोजी, दादासाहेब फाळके यांचा राजा हरिश्चंद्र हा चित्रपट मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लागला. तो पाहून आनंदराव आणि बाबुराव भारावून गेले. आपले पडदे जागच्या जागी थांबलेले, आणि इथे तर चित्रच चालतंय! आपणही हे करायचं, असं दोघांनी ठरवलं.

ठरवलं खरं, पण कॅमेरा कुठे होता? फाळके १९१२ मध्ये लंडनला जाऊन कॅमेरा घेऊन आले होते. या भावांकडे तेवढा पैसा नव्हता. थोड्याच दिवसांत, १९१४ साली, पहिलं महायुद्ध सुरू झालं आणि परदेशी यंत्रसामग्री मिळणं आणखी कठीण झालं. त्यांनी एक प्रोजेक्टर मिळवला आणि चित्रपट दाखवण्याचा व्यवसाय सुरू केला. चित्रपट दाखवता दाखवता ते यंत्र आतून समजून घेऊ लागले.

आता इथे थोडं विज्ञान बघूया. मुलांना सांगायला उपयोगी पडेल.

प्रोजेक्टर आणि कॅमेरा ही एकाच कुळातली भावंडं आहेत. दोन्हींमध्ये फिल्मची पट्टी असते. पट्टीच्या दोन्ही कडांना बारीक भोकं असतात. यंत्रातले दाते त्या भोकांत अडकतात, पट्टी एक घर पुढे सरकवतात, क्षणभर थांबवतात, पुन्हा सरकवतात. पट्टी सरकत असताना एक फिरती झडप उजेड अडवते आणि पट्टी थांबली की उजेड जाऊ देते. प्रोजेक्टरमध्ये उजेड आतून बाहेर पडद्याकडे जातो, कॅमेऱ्यात तो बाहेरून आत फिल्मवर येतो. म्हणजे ज्याला प्रोजेक्टरचं सरक-थांब, सरक-थांब नीट कळलं, त्याला कॅमेऱ्याचं अर्धं कोडं सुटलं.

उरलेलं अर्धं मात्र अवघड. पेटीत उजेडाचा एक कणही शिरता कामा नये. भिंगापासून फिल्मचं अंतर नेमकं हवं. दाते केसभर जरी चुकले तरी चित्र थरथरतं. आणि हँडल हाताने, एकसारख्या गतीने फिरवायचं.

दुःखाचा घाव आणि जिद्द

दोघं भाऊ या खटाटोपात असतानाच १९१६ साली आनंदराव वारले. स्वप्न दोघांनी मिळून पाहिलेलं, आणि त्यातला मोठा खांबच निखळला. बाबुराव तेव्हा सव्वीस वर्षांचे होते. पडदे रंगवून चांगलं पोट भरत होतं. त्यांनी हा नाद सोडला असता तर कुणी नावं ठेवली नसती.

पण त्यांनी सोडला नाही. त्यांना विष्णुपंत दामले यांची साथ मिळाली. दामले मूळचे पेणचे, म्हणजे आपल्याच रायगड जिल्ह्यातले. ही गोष्ट मी वर्गात सांगितली तेव्हा मुलांच्या माना एकदम वर झाल्या! दामल्यांना यंत्राची उत्तम जाण होती. अनेकदा जमवाजमव झाली, अनेकदा फसली, आणि १९१८ साली या मंडळींनी चालणारा कॅमेरा कोल्हापुरात तयार केला.

याच सुमारास महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. तिला राजर्षी शाहू महाराजांचा आधार होता. शाहू महाराजांनी १९१७ साली करवीर संस्थानात प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचं केलं, हे आपण शिक्षक जाणतोच. ज्या गावात शाळेची दारं सगळ्यांसाठी उघडत होती, त्याच गावात एका कारागिराच्या मुलाला कॅमेरा घडवायला बळ मिळत होतं. कंपनीला भांडवल दिलं ते गायिका तानीबाई कागलकर यांनी. मोठे सावकार जिथे विचार करत बसले असते, तिथे एका गाणाऱ्या बाईने विश्वास टाकला. पाठ्यपुस्तकात हे नाव सहसा येत नाही, म्हणून मुद्दाम सांगते.

सैरंध्री आणि पुढचे चित्रपट

सगळ्यांत मोठी अडचण आली ती स्त्री-भूमिकांची. फाळक्यांच्या राजा हरिश्चंद्रमध्ये तारामतीचं काम अण्णा साळुंके या पुरुषाने केलं होतं. बाबुरावांना मात्र स्त्रियांची कामं स्त्रियांनीच करावीत असं वाटत होतं. अखेर गुलाबबाई आणि अनसूयाबाई पुढे आल्या. चित्रपटात काम करतात म्हणून त्यांच्याच समाजाने त्यांना दूर केलं आणि त्यांना कंपनीच्या आवारातच राहावं लागलं. कॅमेरा घडवायला जिद्द लागली खरी, पण त्याच्यासमोर उभं राहायलाही काही कमी धैर्य लागलं नाही.

१९२० साली सैरंध्री पडद्यावर आला. द्रौपदी आणि कीचकवधाची महाभारतातली ही गोष्ट. भीम कीचकाला मारतो तो प्रसंग इतका खरा वाटायचा की प्रेक्षक हादरून जायचे. हा चित्रपट पाहून लोकमान्य टिळकांनी बाबुरावांना सिनेमा केसरी ही पदवी दिली, असं सांगतात.

बाबुराव आपल्या चित्रपटांच्या पटकथा स्वतः लिहीत. त्यांचं लिहिणं म्हणजे शब्दांइतकंच रेघांचंही काम होतं. कोणत्या प्रसंगात पात्राचा वेष कसा, ते कुठे उभं राहणार, कसं वळणार, याची रेखाटनं ते आधीच काढून ठेवत. आपण पाठ घेण्याआधी टाचण काढतो ना, तसंच! चित्रीकरणाला उभं राहण्याआधी चित्रपट त्यांच्या कागदावर तयार असायचा.

नाटकासारखा रंगवलेला पडदा मागे टांगण्याऐवजी त्यांनी खऱ्याखुऱ्या खोलीसारखे, आत वावरता येईल असे सेट उभे केले. विचार करा, ज्याचं नावच पडद्यांमुळे झालं त्या माणसाने पडदा खाली उतरवला! जे उत्तम येतं तेच धरून बसायचं नाही, हे त्यांना कळलं होतं.

१९२३ साली सिंहगड आला. त्यात शिवाजी महाराजांची भूमिका खुद्द बाबुरावांनी केली. तानाजीची चढाई रात्रीची, आणि तोवरचं चित्रीकरण मुख्यतः सूर्यप्रकाशावर चालायचं. बाबुरावांनी कृत्रिम प्रकाशाचा वापर करून रात्रीचे प्रसंग चित्रित केले. चित्रपटांची जाहिरातचित्रंही ते स्वतः रंगवत. १९२४ च्या कल्याण खजिना या चित्रपटाचं पोस्टर आज उपलब्ध असलेल्या सर्वांत जुन्या भारतीय पोस्टरांमध्ये गणलं जातं. चित्रपटाची माहिती आणि छायाचित्रं असलेल्या पुस्तिकाही त्यांनी १९२१-२२ च्या सुमारास काढल्या.

सावकारी पाश : काळाच्या पुढचं पाऊल

१९२५ साली त्यांनी जे केलं ते मला सगळ्यांत मोठं वाटतं. देवादिकांच्या आणि राजांच्या गोष्टी सोडून त्यांनी एका गरीब शेतकऱ्याची गोष्ट घेतली. नारायण हरी आपटे यांच्या कथेवरचा सावकारी पाश. कर्जापायी शेतकऱ्याची जमीन सावकार गिळतो आणि तो गाव सोडून शहरात गिरणी कामगार होतो. तरुण शेतकऱ्याचं काम केलं होतं व्ही. शांताराम यांनी. चित्रपट मूक होता, पण झोपडी, अंधार, बाहेर रडणारं कुत्रं यांतून दारिद्र्य बोलायचं.

लोकांनी मात्र तो फारसा उचलून धरला नाही. पडद्यावर चमत्कार आणि लढाया बघायची सवय लागलेली. आपलंच दुःख तिकीट काढून कोण बघणार? बाबुरावांना पुन्हा जुन्या वाटेने जावं लागलं. आज मात्र भारतीय चित्रपटाचा इतिहास लिहिणारे वास्तववादाची सुरुवात सांगताना सावकारी पाशचं नाव आवर्जून घेतात. पुढे १९३६ साली बाबुरावांनीच त्याचा बोलपट केला.

शिष्य निघून गेले

बाबुरावांची कंपनी म्हणजे एक शाळाच होती. शांताराम १९२० च्या सुमारास तिथे आले ते पडेल ते काम करत शिकले. दामले होते, साहेबमामा फत्तेलाल होते, केशवराव धायबर होते. १९२९ साली हे चौघे बाहेर पडले आणि सीताराम कुलकर्णी यांच्यासह त्यांनी प्रभात फिल्म कंपनी काढली.

गुरूच्या मनाला काय वाटलं असेल, याची कल्पना आपण शिक्षक करू शकतो. महाराष्ट्र फिल्म कंपनीचे आधारखांबच गेले. त्यातच १९३१ साली आलम आरा आला आणि चित्रपट बोलू लागला. बाबुरावांना हा बदल रुचला नाही. इतक्या कष्टाने घडवलेली चित्रांची भाषा आवाजाच्या गोंगाटात हरवेल, अशी त्यांना भीती वाटत होती. त्यांची कंपनी बंद पडली. आणि १९३२ साली पहिला मराठी बोलपट केला तो त्यांच्याच शिष्यांच्या प्रभातने, अयोध्येचा राजा! दामले-फत्तेलाल यांचा संत तुकाराम पुढे व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला.

हे अपयश म्हणायचं का? कंपनी म्हणून म्हणू शकता. पण गुरू म्हणून नाही. ज्यांनी मराठी चित्रपट जगापुढे नेला ते हात बाबुरावांच्या कारखान्यात तयार झाले होते.

बाबुरावांनी नंतर उषा (१९३५), प्रतिभा (१९३७) असे काही बोलपट केले, १९५२ मध्ये विश्वामित्र केला. पण मन रमलं ते पुन्हा रंगात आणि मातीत. कोल्हापूरच्या शिवाजी चौकातला शिवाजी महाराजांचा अर्धपुतळा त्यांच्याच हातचा. १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरात त्यांचं निधन झालं.

आपण काय घ्यायचं?

एक गोष्ट स्पष्ट सांगते. बाबुराव कलाशाळेत गेले नाहीत म्हणजे शाळा नको, असा अर्थ कृपा करून काढू नका. त्या मुलाचे वडीलही एकदा मला भेटायला आले होते. याला अभ्यास जमत नाही तर आता होडीवरच न्यावं का, असं विचारत होते. मी त्यांना बाबुरावांची ही सगळी गोष्ट सांगितली. आणि हेही सांगितलं, की दात्यांची संख्या, भिंगाचं अंतर, हँडलची गती हे सगळं गणितच आहे. त्याचा हात चालतोय, त्या हाताला अक्षर आणि अंक मिळाले तर तो पुढे जाईल. नाही मिळाले तर दुसऱ्याने काढलेल्या नकाशावरच आयुष्यभर काम करत राहील. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मुलगा शाळेत येत राहिला.

आणि मी? मी वर्गासमोर त्या मुलाची माफी मागितली. रागावले होते सगळ्यांसमोर, तर माफीही सगळ्यांसमोरच मागायला हवी होती. मग तो प्रोजेक्टर आम्ही सगळ्यांनी मिळून पुन्हा उघडला. तो काही सुरू झाला नाही. पण दुसऱ्या दिवशी तो मुलगा चपलांचं रिकामं खोकं घेऊन आला, आणि आतून काळं कशाने करायचं बाई, असं विचारू लागला. त्याने पुन्हा प्रश्न विचारला, मला तेवढं पुरे होतं.

वर्गात घेता येतील असे उपक्रम

१. सुईच्या भोकाचा कॅमेरा : खोक्याला आतून काळा रंग द्या. एका बाजूला चौकोन कापून चांदीचा कागद चिकटवा आणि त्यात सुईने एकच बारीक भोक पाडा. समोरच्या बाजूला तेल लावलेला पातळ कागद चिकटवा. डोक्यावरून जाड चादर घेऊन तेलकट कागदाकडे बघा. बाहेरची नारळाची झाडं उलटी दिसतील! सूर्याकडे मात्र भोक धरू नये, हे आधी बजावा. कौलारू घरातल्या अंधाऱ्या खोलीत फटीतून उजेड येतो तेव्हाही भिंतीवर कधी कधी असंच उलटं चित्र उमटतं. मुलांना घरी शोधायला सांगा.

२. चालतं चित्र : वहीच्या १६ छोट्या पानांवर होडीचं चित्र प्रत्येक पानावर थोडं थोडं पुढे सरकवून काढा. पानं भरभर सोडली की होडी चालू लागते.

३. गणित : ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात १६ चित्रं बसतात. मूकपटाच्या काळात सेकंदाला साधारण १६ चित्रं घेत. म्हणजे एक फूट बरोबर एक सेकंद. तर मग १००० फूट फिल्म किती मिनिटं चालेल? (उत्तर : १००० सेकंद, म्हणजे १६ मिनिटे ४० सेकंद.)

४. भाषा : एक शब्दही न बोलता सावकार आणि शेतकऱ्याचा प्रसंग करून दाखवा. मग तो प्रसंग चार ओळींत लिहा.

थोडक्यात परिचय

मूळ नाव : बाबुराव कृष्णराव मेस्त्री
जन्म : ३ जून १८९०, कोल्हापूर
ओळख : चित्रकार, शिल्पकार, छायालेखक, पटकथाकार, दिग्दर्शक
संस्था : महाराष्ट्र फिल्म कंपनी, कोल्हापूर
महत्त्वाचे चित्रपट : सैरंध्री (१९२०), सिंहगड (१९२३), कल्याण खजिना (१९२४), सावकारी पाश (१९२५)
निधन : १६ जानेवारी १९५४, कोल्हापूर

येत्या ३ जूनला शाळेला सुट्टी असेल. तरी पालकांनो, त्या दिवशी घरातली एखादी बंद पडलेली वस्तू, विजेची जोडणी काढून, मुलासमोर ठेवा आणि स्क्रूड्रायव्हर त्याच्या हातात द्या. शेजारी बसा. ओरडू नका!



आपली,
एक प्राथमिक शिक्षिका, हरिहरेश्वर परिसर